भरलेलं ताट

"आ कर," मी म्हणाले. कस्तुरीने ओठ आणखी घट्ट मिटले. चार वर्षांची पोरगी, पण हट्ट आजोबाचा.

लहान मुलांच्या शैक्षणिक कार्यक्रमांचं दिग्दर्शन मी साताऱ्याच्या एका वाहिनीसाठी कस्तुरी व्हायच्या आधीपासून करतेय. ती झाल्यावर मात्र कामं आटत गेली. 'मोबाईलविना जेवण' हा भाग आवडला तर अख्खी मालिका मला, असं वाहिनीचे साहेब म्हणाले होते. ठरलेल्या मुलीला ऐनवेळी ताप आला आणि मी फोनवर बोलून बसले, "माझी मुलगी आहे की. ती तशीच जेवते."

ती तशी जेवत नाही. आमच्याकडे, जैनांच्या घरात, दिवस बुडायच्या आत जेवणं उरकतात. त्या घाईत मीच तिच्यापुढे मोबाईल उभा करते.

म्हणून आज सांगलीत, आमच्याच घराच्या सोप्यात शूटिंग. मावळतीच्या उन्हात आजी आणि नात जेवतायत, एवढाच प्रसंग. सासूबाई कौतुकाने नवं इरकल नेसून ताटावर बसल्या होत्या.

"आई, खाऊ नका हं. घास नुसता हातात धरा. ताटातलं कमी झालं की पुढचा शॉट जुळत नाही."

"बरं की. नाटकातलं जेवान!" त्या हसल्या.

"कस्तुरी, शहाणी ना तू?"

"मोबाईल दे, मग शहाणी."

कॅमेऱ्यामागे शिवतेजने खोकून हसू दाबलं. "मॅडम, ऊन चाललं बघा."

"दे की गं तिला," सासूबाई म्हणाल्या. "रोज देतीस तसा."

सगळ्यांनी ऐकलं. कुणाकडे न बघता मी माझा मोबाईल काढला, आवाज बंद केला, कार्टून लावलं आणि रबर लावून भिंगाच्या खाली अडकवला. कस्तुरीचं तोंड आपोआप उघडलं. भाकरी, दोडका, आमटी, सगळं गेलं.

"लय भारी!" शिवतेज म्हणाला.

"आणखी एकदा. आई, जरा हसून." मग परत एकदा, जवळून.

मान वर केली तेव्हा भिंतीवरचं ऊन गेलेलं होतं.

"झालं! आई, जेवा आता."

सासूबाईंनी हातातला घास ताटात ठेवला. "दिवस बुडाला की गं."

"आत्ताच तर बुडाला."

"बुडाला न्हवं? मग." त्यांनी ताटाला हात जोडले. "एक रात उपाशी ऱ्हायलं म्हणून काय हुतंय? तुझं काम झालं न्हवं?"

कस्तुरी उठली, मोबाईल ओढून काढला आणि आजीच्या ताटापुढे उभा केला. "आजी, हे बघ. मग घास जातो."

शिवतेज वायरी गुंडाळायला लागला.

कस्तुरी जेवतानाचे तेच शॉट मी साताऱ्याला पाठवले. मालिका मला मिळाली.

भाग लागला तेव्हा सासूबाईंनी गल्लीतल्या बायका बोलावल्या. "बघा, आमच्या सुनंनं पोरीला कसं वळण लावलंय," त्या म्हणाल्या. त्यांच्या आवाजात टोमणा असता तर बरं झालं असतं.

बायका पडद्यावरच्या कस्तुरीकडे बघत होत्या. मी तिच्या शेजारचं आजीचं ताट बघत होते. दर वेळी तेवढंच भरलेलं. शॉट अगदी जुळले होते.