एका गुंठ्याची जाळी

हौसरावांनी शब्द दिला आणि तो फिरला, असं निमोण्यात कधी घडलं नव्हतं. सोसायटीच्या निवडणुकीत ते पडले, तेही पडणार म्हणून आधी सांगून.

दौंडच्या व्याह्यांनी आपल्या लेकीच्या, म्हणजे हौसरावांच्या सुनेच्या, गुलाबाच्या रोपवाटिकेसाठी तारेची जाळी टेम्पोनं पाठवली. एकशे दहा फूट. हौसरावांचा धाकटा भाऊ बन्सी बांधापलीकडून ऐकू जाईल असं बोलला, "कोंबडी कोंडायला हाय जणू."

वाटणीपासून दोघांचं बोलणं बंद. त्यामुळं हौसरावांनी उत्तर टेम्पोवाल्याला दिलं, तेही चारचौघांदेखत. "ह्याच जाळीत सुनंला आख्खा गुंठा चौकोन काढून देतो. फूटभर जाळी जादा आणली तर मिशी उतरवीन."

गुंठा म्हणजे तेहतीस बाय तेहतीस, एक हजार एकोणनव्वद चौरस फूट. पण रागात गुणाकार करतो कोण?

सकाळपासून खुंट्या ठोकणं चाललं. चौकोन लांबट केला की आतली जागा घटायची, आखूड केला की थोडी वाढायची, गुंठा काही भरायचा नाही. दुपारपर्यंत वावराची चाळणी झाली. हौसरावांना रडू येत होतं, म्हणून ते खुंट्यांना शिव्या देत होते.

सून स्नेहल चहा घेऊन आली. लग्नाआधी ती दहावीच्या शिकवण्या घ्यायची. तिनं काडीनं मातीत मांडलं.

"आबा, लांबी-रुंदी मिळून पंचावन्न. लांबी क्ष, तर रुंदी पंचावन्न वजा क्ष. गुणाकार हवा एक हजार एकोणनव्वद. सोडवायला गेलं की वर्गमुळाखाली वजा संख्या येते. आणि कुठलीही संख्या स्वतःनंच गुणली तर वजा येत नाही. असा क्षच नाही."

"घावत न्हाई, का न्हाईच?"

"नाहीच. दोन्ही बाजू सारख्या ठेवल्या तर जागा सगळ्यात जास्त, ती साडेसातशेच्या जरा वर. त्यापुढं जात नाही."

हौसरावांनी चहा संपवला. "शिरूरला तहसिलात कुणाला भेटून काय हुईल का?"

"दौंडलाही नाही होणार, आबा." तिनं काडी खाली ठेवली. "चारी बाजू जाळीच्या असतील तर नाही. एक बाजू आयती मिळाली, तर बेचाळीस, बेचाळीस आणि सव्वीस. जाळी पुरते आणि गुंठा भरतो."

आयती बाजू तिथं एकच होती. बन्सीच्या गोठ्याची भिंत. भावाचं तोंड दिसू नये म्हणून वाटणीनंतर त्यानं ती बांधावरच उभी केली होती. स्नेहल तिकडं न बघता कपबशी उचलून गेली.

संध्याकाळी बन्सी धार काढत होता. हौसराव दारात उभे राहिले. मिशी गेलेली परवडली असती, असं त्यांना वाटलं.

"तुझी भिंत लागती," ते म्हणाले. "जाळीत गुंठा बसत न्हाई. तू म्हणला ते बरुबर हुतं."

"चारचौघांत म्हणशील?"

"म्हणंन."

बन्सीनं धार पुरी केली. "मग नको म्हणू. पण भितीवरच्या तुझ्या अंगाच्या गोवऱ्या काढाव्या लागतील."

"कुणाच्या गोवऱ्या?"

"वहिनीच्या. भिंत झाल्यापासनं थापत्यात. म्या कवा काय बोललो?"

हौसरावांना ठाऊकच नव्हतं. त्या बाजूला ते बघतच नसत.

"गोवऱ्या भरायला पाटी आण," ते म्हणाले, आणि दोघं हौसरावांच्या बायकोच्या, म्हणजे सोजराबाईंच्या, गोवऱ्या काढायला लागले.