भाताचा वास येणारं झाड

सकाळी सातलाच त्या झाडाभोवती ही गर्दी! जो तो फडक्याने खोड पुसतोय, फडकं नाकाला लावतोय. जंगलात ना चूल, ना पातेलं, आणि खोडाला नुकत्याच शिजलेल्या भाताचा घमघमाट!

"देवाचं अदृश्य स्वयंपाकघर!" गावात नव्याने आलेले महाराज गरजले. "पुसा, घरी न्या, पोरांच्या कपाळाला लावा. ताप पळेल, वाघसुद्धा वाट सोडेल!"

जंगलखात्याचा गार्ड मागे मान खाली घालून उभा होता. महाराजांना ही विद्या शिकवली कोणी? यानेच! महिन्यापूर्वी ते चौकीवर चहाला आले, "जंगल कळावं तर तुम्हालाच" म्हणाले, आणि हा हरभऱ्याच्या झाडावर चढून सगळं बोलून बसला. आता खरं सांगावं तर स्वतःचीच अब्रू जायची. म्हणून आठवडाभर गप्प.

तेवढ्यात त्याची थोरली बहीण तापलेल्या लेकीला कडेवर घेऊन आली. तिने फडकं खोडावर फिरवलं आणि पोरीच्या कपाळाकडे नेलं.

"ताई, थांब! वाघाचं मूत आहे ते!"

"पाखंडी!" महाराज ओरडले.

"मग महाराज, त्या पलीकडच्या खडकाचा वास घ्या. तिथेही तुमच्या देवाने चूल मांडलीय?"

एक म्हातारे गृहस्थ गेले, वाकले आणि नाक मुरडत परतले. "अहो, तोच वास! आणि खाली हे एवढाले पंजांचे ठसे!"

"वाघ एकटा राहतो," गार्ड म्हणाला. "शेपटी वर करून फवारा मारतो. ही हद्द माझी, असं दुसऱ्या वाघाला सांगतो. वास गेला की खूण करायला परत येतो. तुम्ही रोज पुसताय, म्हणजे त्याला आवतण देताय! महाराजांना हे मीच सांगितलं. चुकलो मी."

महाराजांनी तोवर पोबारा केला होता.

ताईने फडकं फेकलं. "तो परका, त्याने फसवलं. तू तर माझा भाऊ! पोर तीन दिवस तापलीय, मी दवाखाना सोडून हेच लावत बसले. कधी बोलणार होतास?"

लाजेने त्याचे डोळे भरून आले.

"काही चमत्कार दिसला तर आधी 'का' विचारा," तो कसाबसा लोकांना म्हणाला. "आणि माझ्यासारखा कोणी माहीत असून गप्प बसला, तर त्यालाही जाब विचारा."

"ते नंतर," ताई म्हणाली. "आधी दवाखान्यात चल. डॉक्टरांना सगळं तू सांगायचंस."

त्याने पोरीला उचलून घेतलं. तिचं अंग चटका बसावा इतकं तापलं होतं.