परवलीचे शब्द

"आता मघाशी सांगितलेले पाच शब्द पुन्हा म्हणा," असं डॉ. पूर्णिमा म्हणाल्या, तेव्हा अनंतरावांनी खुर्चीत पाठ ताठ केली आणि पाढा म्हणावा तसं एका दमात म्हणून टाकलं.

"रहाट, कासव, ओसरी, सुपारी, कापूर."

डॉक्टरांचं पेन थांबलं. शेजारी बसलेल्या हेमाताईंनी मांडीवरची पर्स घट्ट धरली.

"म्हणालात छान," डॉक्टर जपून बोलल्या, "पण हे माझे नाहीत. मी सांगितले होते पेरू, छत्री, पितळ, शाळा आणि निळा. हे कुठले?"

अनंतरावांच्या तोंडचं पाणी पळालं. हे कुठले, ते त्यांना सांगता येत नव्हतं. बायकोलाही त्यांनी कधी सांगितलं नव्हतं.

अनंतराव मेहेंदळे अणुसुरक्षा खात्यातले सर्वांत वरचे अधिकारी. शुक्रवारी संध्याकाळी सरकारी गाडी त्यांना कोथरूडला आणून सोडी आणि सोमवारी पहाटे परत मुंबईला नेई. त्यांच्या ताब्यातल्या मुख्य कोठाराचं दार उघडायला दोन अधिकारी लागत. प्रत्येकाचे पाच शब्द. एकाने दाराशेजारच्या फोनवर आपले शब्द म्हणायचे, तोवर दुसऱ्याने लांब जाऊन उभं राहायचं, मग त्याची पाळी. आत बसलेला माणूस जुळवून बघणार आणि मगच कळ दाबणार. शब्द ज्याचे त्याने निवडायचे आणि डोक्यातच ठेवायचे. अनंतरावांनी आजोळच्या घरातले उचलले होते, विसरायची भीती नको म्हणून.

आणि ते विसरले नव्हतेच. विसरले होते ते समोरच्या बाईंचे.

डॉक्टर मग मेंदूच्या तपासणीबद्दल, औषधांबद्दल बरंच काही सांगत राहिल्या. हेमाताई मान हलवत होत्या. अनंतरावांच्या डोक्यात एकच गोष्ट घोळत होती. शब्द परक्याच्या कानावर पडला तर ताबडतोब कळवायचं आणि त्या क्षणापासून कामातून बाजूला व्हायचं, असा खात्याचा दंडक होता. ताप, भूल, दारू, कुठलीही सबब चालत नसे. केदार नावाचा एक गुणी अधिकारी ऑपरेशनच्या गुंगीत शब्द बरळला, तेव्हा अनंतरावांनी त्याला सरळ घरी बसवलं होतं. नियमाला नातीगोती नसतात, असं ते त्या वेळी म्हणाले आणि सगळ्यांना ते पटलंही. दुसऱ्यावर बेतलेलं असलं की अशी वाक्यं चटकन पटतात.

परतताना गाडी हेमाताईंनीच चालवली. हल्ली त्याच चालवत. कर्वे रस्त्यावर मेट्रोच्या खांबांखाली सिग्नल लागला, तेव्हा त्या समोर बघत म्हणाल्या,

"मी काही ऐकलेलं नाही हं."

"ऐकलंस."

"बरं, ऐकलं. कसले तरी पाच शब्द. वाण्याकडची यादी वाटावी असे. आणि त्या डॉक्टरबाईंना काय तुम्ही एकटेच पेशंट आहात? संध्याकाळपर्यंत विसरून जातील."

"विसरण्याबद्दल मला सांगू नकोस," अनंतराव म्हणाले. दोघांनाही हसू आलं नाही.

घरी आल्या आल्या त्यांनी बूटही न काढता फोन हातात घेतला. सौरभ त्यांच्या हाताखालचा अधिकारी. कळवायचं ते त्यालाच. हेमाताई पाण्याचा पेला घेऊन आल्या आणि तो फोनवरच ठेवायचा असल्यासारख्या मध्ये उभ्या राहिल्या.

"अहो, नका करू फोन."

"हेमा, हा घरातला विषय नाही."

"नसू दे. मे महिन्यात निवृत्त होताय. तेवढं होऊ द्या. शाल, नारळ, चार भाषणं, आणि ताठ मानेने घरी या. इतक्या वर्षांत तुमच्या नोकरीकडे मी काही मागितलंय?"

मागितलं नव्हतं, हे खरं होतं. कुठे चाललात, कधी येणार, असं विचारायचीसुद्धा त्यांना चोरी होती आणि त्यांनी ती निमूट पाळली होती. म्हणूनच अनंतरावांना आज त्यांचा राग आला.

"शेजारच्याने गाडी रेघेबाहेर लावली तर सोसायटीला पत्र लिहिणारी तू. आणि मला डोळेझाक करायला सांगतेस?"

हेमाताई पेला टेबलावर ठेवून आत गेल्या.

अनंतरावांनी फोन खाली ठेवला. खोटं कशाला सांगा, त्यांना मोह झाला. सोमवारी गेल्याबरोबर शब्द बदलून टाकायचे. कारण विचारणारं त्यांच्या वर होतं कोण? कोठार सुरक्षित, नोकरी सुरक्षित, हेमाच्या मनासारखंही होईल. दोन दिवसांचा तर प्रश्न. त्यांना अगदी हलकं वाटलं. बूट काढायला ते वाकले आणि तसेच वाकलेले राहिले.

सोमवारी हे आठवलंच नाही तर?

आयुष्यात पहिल्यांदाच ते स्वतःला घाबरले. मग त्यांनी फोन लावला.

"सौरभ, माझे शब्द फुटले. माझ्याच तोंडून. दवाखान्यात. बाहेरच्या दोघींनी ऐकले. मी या क्षणापासून बाजूला होतो. कोठार बंद ठेवा, शब्द बदला, आणि..."

"सर, आधी बसा."

"बसायचं काय सांगताय? लिहून घ्या."

"सर, ते शब्द जुने आहेत." सौरभचा आवाज फार हळू झाला होता. "गणपतीच्या आधीच आपण ते बदलले."

"आपण म्हणजे कोण? मी नाही बदलले."

दिवाळी होऊनही आठवडा लोटला होता. एवढ्या काळात ते कितीदा त्या दाराशी उभे राहिले होते, फोनवर शब्द म्हणाले होते, आणि आत गेले होते.

"पण मी म्हटले की दार उघडत होतं," अनंतराव म्हणाले.

"उघडायला सांगून ठेवलं होतं, सर."

ते बसले. आठवत गेलं तसं एकेक उलगडत गेलं. सौरभ अलीकडे प्रत्येक बैठकीत त्यांच्या शेजारीच बसे. सह्यांच्या फायली फार पातळ झाल्या होत्या. दारावरचा जवान पूर्वीपेक्षा कडक सलाम ठोकी. त्यांना वाटे, निवृत्ती जवळ आली म्हणून मान वाढलाय. शरमेने त्यांचे कान तापले. आणि त्या शरमेतही त्यांच्यातला जुना अधिकारी म्हणून गेला की पोरांनी काम चोख केलं. जन्मभर राखण केलेल्या माणसाला आपलीच राखण कळू नये, इतकं चोख.

"सर, सोमवारी गाडी येईल, नेहमीसारखी," सौरभ घाईघाईने म्हणाला. "मेपर्यंत असंच चालू द्यायचं, असं दिल्लीहून ठरलंय. तुमच्या मानाला धक्का लागू द्यायचा नाही. खरं सांगतो, ऑफिसात कुणाला संशयसुद्धा आला नसता. ते तर काकूं..."

"सौरभ."

हा आवाज सौरभने बऱ्याच दिवसांत ऐकला नसावा.

"कळवणाऱ्याचं नाव सांगायचं नाही. कुणालाच नाही. मलासुद्धा नाही."

"हो, सर."

"आणि सोमवारी गाडी पाठवू नका."

फोन ठेवून त्यांनी मान वर केली, तर हेमाताई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. किती वेळ, कुणास ठाऊक. त्या आल्या आणि समोरच्या खुर्चीवर बसल्या.

गेले काही महिने स्वयंपाकघरातला नळ भलत्या वेळी वाहत राहायचा. खडकवासल्यात पाणी काय तुझ्या माहेरून येतं का, असं अनंतराव बाहेरून ओरडायचे, की मग तो बंद व्हायचा.

आज हेमाताई त्यांच्या समोर बसूनच रडल्या. अनंतरावांनी खुर्ची पुढे ओढली आणि त्यांचा हात धरून बसून राहिले.