भिंतीपलीकडची सावली

वसंतातला नवरोजचा सण तोंडावर आला असताना अवेळी ओला बर्फ पडला आणि ओयनिसाच्या अंगणातल्या करागाच झाडाची जाडजूड फांदी कडकन मोडली. मोडली, पण पडली नाही. सालीच्या आधाराने ती भिंतीपलीकडे, धाकट्या जावेच्या अंगणावर लोंबकळत राहिली.

मुलाने कोरियाहून फोनवर सांगितलं, "आई, यंत्राच्या करवतीवाला बोलाव आणि कमरेतून उडवून टाक. कशाला हवा तो व्याप?"

"कमरेतून उडवायला तो काय भोपळा आहे?" ओयनिसा म्हणाली आणि तिने फोन ठेवून दिला.

हा करागाच तिच्या सासऱ्यांनी लावलेला. पानं बारीक, डोकं चेंडूसारखं गोल, सावली अशी दाट की मार्गिलान शहराच्या भर उन्हाळ्यातही खालच्या लाकडी बैठकीवर गारवा असायचा. त्या वेळी अंगण एकच होतं. थंडी सरता सरता, पालवी फुटायच्या आधी, तिचा नवरा एर्गाश शिडी लावून वर चढायचा आणि धाकटा दीर नेमत खाली दोर धरून उभा राहायचा. वाळलेल्या, एकमेकींवर घासणाऱ्या फांद्या निघायच्या. ओयनिसा आणि धाकटी जाऊ सानोबार त्या गोळा करून तंदूरपाशी रचायच्या. "डावीकडे टक्कल पडलंय," असं खालून सानोबार म्हणाली, की वरून एर्गाश ओरडायचा, "मग चढ वर आणि तूच विंचर!" उन्हाळ्यात दोन्ही घरची पोरं त्याच सावलीत लोळायची आणि पाटाच्या पाण्यात खरबुजं गार व्हायला पडलेली असायची.

पुढे घरच्या हातमागांवरून भावाभावांत बिनसलं. नेमतला ते विकून कारखान्यात जायचं होतं, एर्गाशला त्याचं नाव काढलेलंही खपत नव्हतं. अंगणाच्या मधोमध भिंत उभी राहिली. खोड या बाजूला राहिलं, निम्मी सावली त्या बाजूला गेली. एर्गाश दरवर्षी छाटायचा, पण फक्त आपली बाजू. पलीकडची वाढतच गेली आणि झाड त्या अंगाला कललं. आता दोघेही भाऊ हयात नव्हते. जावा लग्नात, मयतीत भेटायच्या, तेवढ्याच.

ओयनिसाने भिंतीशी जाऊन हाक मारली. "सानोबार! आहेस का गं?"

"आहे. तुमची फांदी बघत बसलेय. खाली आली तर तंदूर माझा फुटेल, ओपा." थोरल्या जावेला ती अजूनही ओपा, म्हणजे ताईच म्हणायची.

"म्हणून तर बोलावतेय. माझे गुडघे शिडीवर चढत नाहीत."

पलीकडून आवाज आला, "दार उघडून ठेवा."

सानोबार गल्लीतून वळसा घालून आली. अंगात नवऱ्याचा जुना कोट, डोक्याला घट्ट बांधलेला रुमाल. साठी उलटली होती, पण अजून खारीसारखी. शिडी चढून बेचक्यात जाऊन बसली.

"वरच्या फांदीवरून दोर घे," ओयनिसा खालून सांगू लागली. "आता मोडक्या फांदीला बांध. आधी खालून थोडी काप, मग वरून. नाहीतर साल खोडापर्यंत सोलत जाईल."

"शिकवू नका, ओपा. इतकी वर्षं खाली उभी राहून बघितलंय."

ओयनिसाने दोराचा एक वेढा खोडाला दिला आणि टोक दोन्ही हातांनी घट्ट धरून उभी राहिली. करवत चालली. फांदी सुटली, दोराला हिसका बसला, आणि हळूहळू ढील देत तिने ती पलीकडे जमिनीवर टेकवली.

सानोबार खाली उतरली नाही. वरूनच म्हणाली, "तुम्हाला ठाऊक आहे का? भाऊजी वर चढले की आमचे हे काम टाकून भिंतीशी येऊन उभे राहायचे. मी विचारलं, इथे काय करताय? तर म्हणाले, दादा दोर टाकेल बहुतेक."

ओयनिसाला आठवलं. एर्गाशचं काम कधीच संपलेलं असायचं, तरी तो वरच बसून राहायचा. चहा गार झाला म्हणून ती चिडायची. "कुणाला शोधताय तिथं?" असं तिने एकदा विचारलंही होतं. तो तसाच खाली उतरला होता.

"ते दोर घेऊनच चढायचे," ती म्हणाली. "दरवेळी. खाली धरायला कुणी नसायचं, तरी."

सानोबारने तोंड फिरवलं. बराच वेळ ती फांदीची साल नखाने खरवडत राहिली. मग नाक पुसून म्हणाली, "दोघंही गाढव."

"गाढव बरं. त्याला निदान ओरडता येतं."

दोघी हसल्या, आणि हसता हसता ओयनिसाने डोळ्यांना रुमालाचं टोक लावलं.

त्या वसंतात त्यांनी पलीकडची बाजू थोडी हलकी केली. सगळी एकदम काढली तर झाड कोवळ्या कोंबांनी वेडं होईल, म्हणून उरलेली पुढच्या वर्षावर ठेवली. भिंत पाडण्याचा विषय कुणीच काढला नाही. तिला टेकून सानोबारच्या द्राक्षवेली वाढल्या होत्या.

उन्हाळा पेटला, तशी दुपारनंतरची दाट सावली पलीकडेच पडू लागली. दोन-चार दिवस ओयनिसाने आपली बैठक इकडून तिकडे सरकवून पाहिली. मग एका दुपारी उशी काखेत मारली आणि गल्लीतून वळसा घालून सानोबारचं दार ढकललं.

सानोबार कणीक मळत होती. तिने मान वर करून पाहिलं. "उशी तेवढी आणलीत? चहाला साखर नाही आणलीत?"

"तुझ्या घरी साखर संपलेलीच असते, हे विसरलेच होते बघ," ओयनिसा म्हणाली आणि बैठकीवरचं पीठ झटकून आडवी झाली.