दारांचं चर्च

"दार काढताय तर काढा, पण आधी मला बाहेर येऊ द्या," बायको आतून म्हणाली. "नाहीतर लोक म्हणतील, दाराबरोबर बायकोही ठोकली भिंतीला."

"लोक कुठले आलेत?" बिजागरीच्या स्क्रूशी झटापट करत खिळेमामा म्हणाला.

ते मात्र खरं होतं. बेटावर आता ही दोघंच उरली होती. भांडायला तेवढी पुरतात.

खिळेमामा बेटाचा सुतार, आणि चर्चची देखभालही त्याच्याकडेच. चर्च लहानसं, सगळंच लाकडी. कोळ्यांनी ते एका फुटलेल्या जहाजाच्या फळ्यांचं बांधलं होतं. एकदा बुडून झालेलं लाकूड पुन्हा काय बुडणार, असा त्यांचा हिशेब. लाकूड बुडालं नाही, खाऱ्या वाऱ्याने कुजलं. बेटावर झाड म्हणावं असं काही उगवत नसे. मग एक कुटुंब बेट सोडून निघालं, तेव्हा रिकाम्या घराला दार कशाला, म्हणून त्यांनी आपलं दार चर्चच्या भिंतीतल्या भोकाला दिलं. तीच रीत पडली. जो निघेल तो दार देईल. मासे आटले तशी माणसं आटली, आणि चर्च दारांनी भरत गेलं. खिळेमामाच्या उमेदीतली सगळी दारं त्यानेच ठोकली. वेदीच्या डावीकडच्या दारावर 'कुत्र्यापासून सावध' ही पाटी तशीच होती. दुसऱ्या एकाच्या पत्रपेटीतून वारा ऐन प्रवचनात शिट्टी मारी. नवे फादर पहिली मिस्सा आटोपून ऐटीत वळले आणि लागोपाठ तीन दारं ओढून बसले. उघडणारं चौथं होतं.

परवाच्या वादळाने वेदीच्या उजवीकडची शेवटची जुनी फळी नेली. रविवारी फादर बिशपांच्या इंजिनिअरला घेऊन येणार होते. भिंतीला भोक दिसलं की चर्चला कुलूप. आणि बेटावर दार उरलं होतं एकच.

"दार दिलं म्हणजे निघालो आपण," बायको म्हणाली. तिला निघायचंच होतं. छातीत कफाने बिऱ्हाड केलं होतं. पलीकडच्या किनाऱ्यावर दवाखाना होता, लेक होती. "रीतच आहे ना तुमची?"

"निघालोय कुठे? उसनं देतोय."

"देवाला उसनं. परत मागायला जाल तेव्हा मलाही न्या. तोंड बघायचंय त्याचं."

दार चर्चला गेलं. घराला जुनं शीड टांगलं.

"कडी लावलीत का?" रात्री तिने विचारलं. लग्न झाल्यापासून रोज विचारायची.

"शिडाला?"

"लावलीत का?"

"लावली."

"मग वारा कुठनं येतोय?"

वारा चारी बाजूंनी येत होता. खिळेमामाने तिच्यावर दोन्ही पांघरुणं घातली, वर आपला कोट घातला. खोकला कोटाखालून येऊ लागला. शनिवारी तिला एक वाक्य पुरं करवेना. तो हातोडा घेऊन चर्चमध्ये गेला, दारासमोर उभा राहिला आणि तसाच परत आला.

"उद्याचा दिवस," तो म्हणाला. "तेवढा काढ."

तिने मान हलवली. थट्टा केली नाही, तेव्हाच तो घाबरला.

रविवारी दुपारी इंजिनिअरने भिंत दाबून पाहिली, खांदा लावून पाहिला. "मजबूत आहे. बंद करायची गरज नाही."

खिळेमामा ही बातमी सांगायला घरी पळाला. बायकोच्या अंगात त्राण नव्हतं. बसवली की कलंडायची.

"हिला आत्ताच्या आत्ता न्यायला हवं," फादर-इंजिनिअरबरोबर मागून आलेला नावाडी म्हणाला. "पण पलंग बोटीत मावायचा नाही. फळी बघा एखादी."

"चर्चचं दार काढू," फादर म्हणाले.

"जुन्यांना हात लावलात तर भिंतच खाली येईल," इंजिनिअर म्हणाला. "नवं तेवढं निघेल. पण मग मला कुलूप घालावं लागेल."

हे ऐकायला खिळेमामा तिथे नव्हता. चर्चमधून खिळे किंचाळल्याचा आवाज येत होता. आयुष्यात पहिल्यांदा तो तिथला खिळा काढत होता.

चौघांनी तिला दारावर घालून उतारावरून धक्क्यावर आणलं. वाटेत तिने डोळे उघडले. कानाशी कडी दिसली.

"दार घेऊन निघालेली... मीच पहिली," ती म्हणाली. "रीत मोडलीत."

"गप पड."

"देव काय म्हणाला?"

"काही नाही. देऊन टाकलं."

इंजिनिअरने नियमाप्रमाणे उघडणाऱ्या दाराला कुलूप घातलं. वेदीशेजारी दाराएवढं भोक उघडंच होतं. बोट सुटली तेव्हा त्यातून पलीकडची पाटी दिसत होती, 'कुत्र्यापासून सावध'. मग तीही दिसेनाशी झाली.

पाणी लांबलचक होतं. दिवस मावळला. खोकला केव्हा थांबला ते कुणाच्या लक्षात आलं नाही. फादर पुटपुटत होते, नावाडी मागे वळून बघत नव्हता. खिळेमामा तिच्याकडे बघत तिच्या विचारण्याची वाट पाहत राहिला. बराच वेळ पाहिली. मग कोटाखाली हात घालून त्याने कडी चाचपली आणि आवाज होऊ न देता सरकवली.

"लावली," तो म्हणाला.