बंदरवाली किताब

जयंत मोघ्यांनी सरकारी कारखान्याची नोकरी सोडली ती एका कादंबरीपायी, असं कारखान्याच्या वसाहतीत, बरखेड्यात, सगळे म्हणत. ते पूर्ण खरं नव्हतं, पण त्यांच्या बायकोनं, प्रतिभानं, कधी ते खोडून काढलं नाही. खोडून काढायलाही अंगात जोर लागतो.

खरं कारण एक पंखा होता. विजेच्या मोठ्या मोटारी थंड ठेवणारा पंखा जयंतनी नव्यानं आखला, आणि त्याची फाईल कमिटीकडून कमिटीकडे फिरत राहिली. शेवटी पंखा मंजूर झाला तो भलत्याच माणसाच्या नावानं. त्याच सुमाराला न्यू मार्केटच्या फूटपाथवर जयंतना ती इंग्रजी कादंबरी मिळाली. उशीएवढी जाड, मुखपृष्ठावर समुद्र आणि एक पाठमोरा माणूस. खडकाळ किनाऱ्यावर एकट्याच्या बळावर बंदर बांधणाऱ्या माणसाची ती गोष्ट होती. बंदर उभं राहिल्यावर गावोगावचे पुढारी येतात, हे सगळ्यांचं आहे म्हणतात, आणि तो पाचशे पानं त्यांना नाही म्हणत राहतो.

जयंत रात्रीच्या जेवणानंतर ती वाचून दाखवत. प्रतिभा शाळेच्या वह्या तपासत ऐकायची.

"ऐक, काय म्हणतोय बघ. ज्याला भूक आहे त्यानं पेरावं. पेरणाऱ्याच्या दारात उभं राहून भुकेचा दाखला दाखवू नये. आहे की नाही?"

"आहे," ती म्हणायची आणि पुढची वही ओढायची.

देशात तेव्हा नवं वारं सुटलं होतं. परवाने गेले, कोटे गेले, पेपरात रोज तेच. जयंतना वाटलं, हे वारं आपल्याच शिडासाठी सुटलंय. त्यांनी राजीनामा दिला. अधिकाऱ्याचं क्वार्टर गेलं, मागच्या अंगणातली कर्दळ आणि पपईची झाडं गेली. प्रतिभा कारखान्याच्याच शाळेत शिकवत होती, म्हणून तिच्या नावावर दोन खोल्यांचं लहान क्वार्टर मिळालं. गोदरेजचं कपाट दारातून आत शिरेना, ते शेवटी व्हरांड्यात राहिलं. जयंत म्हणाले, "स्वातंत्र्याची काहीतरी किंमत असतेच." प्रतिभा कपाटावर जुनी चादर घालत होती.

गोविंदपुऱ्यात त्यांनी एक शेड भाड्यानं घेतली. दोन लेथ, एक मिलिंगचं यंत्र, चार माणसं. यंत्रांचे सुटे भाग बनत, आणि माल चोख निघायचा, त्यात शंका नाही. जयंत मोघे हाताचे आणि शब्दाचे पक्के होते. पण त्या मालाला गिऱ्हाईक एकच, ते म्हणजे सोडून आलेला कारखाना. सरकारी छत्रीखालून बाहेर पडलो म्हणायचं आणि तिच्याच पागोळ्यांखाली हंडा लावून बसायचं, असं प्रतिभाच्या मनात येई. ओठावर आणण्याइतकी उमेद तिला नसायची. सकाळी शाळा. तिथून टेम्पोनं शेडवर. चलनं, हजेरी, फोन. संध्याकाळी भाजी, स्वयंपाक, वह्या. लेक अनुराधा इंदूरला शिकायला गेल्यापासून घरात हाताखालीही कुणी नव्हतं. मध्यंतरी शाळेनं तिला उपमुख्याध्यापिका व्हायचं विचारलं, तर तिनं नाही म्हटलं, कारण दुपार शेडला हवी होती.

शेडमध्ये लेथ चालवणारा शंकर मालवीय नावाचा टर्नर होता. करोंदचा, तिशीच्या आतबाहेरचा, तोंडाचा फटकळ. जेवणाच्या सुट्टीत जयंत पोरांना कादंबरी हिंदीत सांगत, रोज थोडी थोडी. पहिल्याच दिवशी ते घाईत 'बंदर' म्हणाले आणि सगळे खो खो हसले. हिंदीत बंदर म्हणजे माकड. "बंदरगाह, बंदरगाह!" जयंतनी सुधारलं, पण तोवर उशीर झाला होता. शेडमध्ये त्या पुस्तकाचं नाव 'बंदरवाली किताब' पडलं ते पडलंच. बाकीचे डबा आटोपून बिडी ओढायला बाहेर जात. शंकर मात्र बसून राही. "फिर क्या हुआ साब?" असं विचारी. प्रतिभा चलनं लिहिता लिहिता ते ऐकायची. तिला बरं वाटायचं. ऐकणारा दुसरा कुणीतरी मिळाला होता.

आणि एका सोमवारी शंकरनं सांगितलं की तो महिनाअखेरीला काम सोडतोय. करोंदच्या धान्यमंडीमागे त्यानं जागा बघितली होती. धान्य साफ करायची यंत्रं दुरुस्त करायची, पुढे जमलं तर नवी करायची.

जयंत त्या दिवशी घरी आले तेच तापलेले. चपला एक इकडे, एक तिकडे.

"कृतघ्न! ड्रॉईंग वाचायला मी शिकवलं त्याला. हातात ऑर्डर असताना निघाला. माझं काय होईल याचा विचार तरी केला का त्यानं?"

प्रतिभा पोळ्या लाटत होती. तिला वाद घालायचा नव्हता. पण कधी कधी माणूस इतका थकतो की गप्प बसायचंही श्रम वाटतात.

"तुमच्या त्या बंदरवाल्यानं केला असता का?" ती म्हणाली.

"काय?"

"दुसऱ्याचं काय होईल याचा विचार. त्यानं केला असता का?"

"ते वेगळं," जयंत म्हणाले.

"असेल. पानं घ्या."

ते अर्धी पोळी खाऊन उठले.

शंकर गेला आणि शेडची रया गेली. नवा टर्नर टिकेना. जयंत स्वतः लेथवर उभे राहू लागले. पन्नाशी उलटलेली, पाठ धरायची. संध्याकाळी घरी आले की पाटावर बसताना भिंतीचा आधार घेत. ऑर्डर उशिरा गेली. पुढची निम्मीच आली. त्याच्या पुढची येते येते म्हणत आलीच नाही. ज्या टेबलासमोर त्यांनी कधी राजीनामा ठेवला होता त्याच टेबलासमोर आता ते बाकावर ताटकळत, आणि पूर्वी हाताखाली असलेली मुलं त्यांना "बस, हो जाएगा मोघे साब" म्हणत. रात्रीचं वाचन बंद झालं होतं. प्रतिभाला वाटलं होतं, बंद झालं तर बरं वाटेल. तसं वाटलं नाही.

एका रविवारी सकाळी ते अचानक म्हणाले, "चल, करोंदला जाऊन येऊ."

"कशाला?"

"जाब विचारायचाय त्याला. समोरासमोर."

तिला पडून राहायचं होतं. पण एकटे गेले तर काहीतरी बोलून बसतील, म्हणून ती स्कूटरवर मागे बसली. करोंदला रस्ताभर सोयाबीनच्या ट्रॉल्या उभ्या होत्या. हवेत भुसा, नाकात भुसा. मंडीमागे पत्र्याची शेड होती, त्यात चाळण्यांचं एक यंत्र धडधडत होतं आणि शंकर त्याच्या पट्ट्याशी झटत होता. यांना बघून तो लगबगीनं पुढे आला, दोन पोती झटकली. "मैडम, बैठिए. साब, चाय?"

"चाय नहीं," जयंत म्हणाले. सगळा रस्ता जुळवलेलं बोलणं होतं, पण तोंडातून निघालं एवढंच, "शंकर, तूने मुझे बीच में छोड़ दिया."

शंकर हात पुसत राहिला. ओशाळला नाही, आणि उद्धटही झाला नाही.

"साब, आप ही तो रोज सुनाते थे. दूसरे की गोदी में पत्थर ढोते रहोगे तो अपना बंदरगाह कब बनेगा." मग म्हणाला, "आपको क्या लगा, मैं खाली कहानी सुन रहा था?"

प्रतिभानं नवऱ्याच्या तोंडाकडे पाहिलं. आता भडका उडणार, असं तिला वाटलं. पण त्या चेहऱ्यावर राग नव्हता. मागच्या बाकावरच्या, आजवर गप्प असलेल्या मुलानं एकदम अचूक उत्तर दिल्यावर शिक्षकाचा होतो तसा तो चेहरा झाला होता. तो भाव तिच्या ओळखीचा होता. तिच्या स्वतःच्या चेहऱ्यावर तो वर्षातून एखाद्या वेळी येत असे.

तेवढ्यात यंत्रापाशी उभा असलेला व्यापारी ओरडला. पंखा भुसा बाहेर फेकायचा सोडून धान्यातच परत मिसळत होता. शंकर धावला. जयंत क्षणभर जागीच उभे राहिले, मग त्यांच्यानं राहवेना. पंखा म्हटल्यावर त्यांच्यानं राहवणं शक्यच नव्हतं. त्यांनी यंत्र बंद करायला लावलं, पाती हातानं चाचपली आणि बाह्या सरसावल्या. मग दोघं खाली वाकून पंखा उघडत बसले. जुन्या दिवसांसारखेच एकमेकांवर खेकसत होते.

प्रतिभा पोत्याला टेकली. उन्हं पत्र्यावर आली होती. मंडीतला कालवा, ट्रॉल्यांचे भोंगे, त्या सगळ्यात तिचा डोळा लागला. जाग आली तेव्हा तिच्या पायाशी चहाचा कप गार होऊन साय धरून बसला होता, आणि भुसा शेडबाहेर सरळ उडत होता.

परतताना शंकर स्कूटरपर्यंत आला. "साब, पंखा आप बनाओ. मेरी हर मशीन में आपका पंखा लगेगा. भाव आप बोलो, मैं झिकझिक करूंगा."

जयंतनी स्कूटरला किक मारली. गोविंदपुरा ओलांडल्यावर त्यांनी मान जरा मागे वळवली.

"मला वाटायचं, ते पुस्तक माझ्याबद्दल आहे."

"समोर बघून चालवा," प्रतिभा म्हणाली. आवाजात तिला वाटलं होतं त्यापेक्षा जास्त माया आली.

पुढचं हळूहळूच झालं. जयंतनी शंकरसाठी पंखे आखले, केले. भावावरून दोघांची खरंच झिकझिक व्हायची. कारखान्याची वाट बघणं संपलं. गोविंदपुऱ्याच्या शेडचं भाडं परवडेना, तेव्हा जयंतनी ती सोडली आणि आपला एक लेथ करोंदला नेऊन ठेवला. तिथे ते मालक नव्हते, नोकर नव्हते, भागीदारही नव्हते. शंकरची माणसं त्यांना 'पंखेवाले साब' म्हणत. बरखेड्यात लोक म्हणाले, मोघ्यांचं बंदर बुडालं. जयंतच्या कानावर ते आलं असणारच. ते संध्याकाळी केसांतला भुसा व्हरांड्यात झटकायचे आणि मगच आत यायचे.

प्रतिभाची दुपार अशी अवचित मोकळी झाली. त्या उन्हाळ्याच्या सुट्टीत तिनं ती कादंबरी आपण होऊन वाचायला घेतली. एवढी वर्षं कानांनी ऐकलेली, आता डोळ्यांनी. तिला ती वाटली होती तितकी वाईट वाटली नाही. एकट्या माणसाचा हट्ट तिला समजला, पुढाऱ्यांची लबाडीही पटली. एका गोष्टीनं मात्र ती चक्रावली. एवढ्या पानांत कुणी दमत नव्हतं. माणसं दिवसभर दगड फोडत आणि रात्रभर भाषणं करत. तिनं शेवटपर्यंत वाट बघितली. कुणी एकदाही आडवं झालं नाही.

शाळा उघडली आणि उपमुख्याध्यापिकेचं पुन्हा निघालं. या वेळी अडचण काहीच नव्हती. तिनं नाही म्हटलं. घरी सांगितल्यावर जयंत चमकले.

"का? आता तर वेळ आहे तुला. अगं, तुझ्यात गुण आहेत. माणसानं आपली ताकद वापरायची नाही म्हणजे..."

"मला नकोय ते."

"नकोय म्हणजे? कारण काय?"

"कारण कशाला हवं? आपलं आयुष्य कसं घालवायचं ते ज्याचं त्यानं ठरवावं ना? मी ठरवलंय. दुपारी शाळेतून यायचं, जेवायचं आणि झोपायचं. पंधरा वर्षं मी दुपारी झोपले नाहीये."

"बस? एवढंच?"

"एवढंच."

जयंतनी काहीतरी म्हणायला तोंड उघडलं. एखादं वाक्य शोधत असावेत, बंदरवाल्याचं. त्यांच्या चष्म्याच्या कडेला भुशाचा एक कण चिकटला होता, तो काढून द्यावा असं प्रतिभाला वाटलं, पण तिनं हात उचलला नाही.

"बरं," ते म्हणाले. "मग मी किल्ली घेऊनच जात जाईन. कडी वाजवणार नाही."

दुसऱ्या दिवशी शाळेतून आल्यावर तिनं जेवण केलं, भांडी तशीच मोरीत ठेवली, खिडकीचा पडदा ओढला. बाहेर कारखान्याची पाळी सुटली होती, सायकली घंटा वाजवत चालल्या होत्या. ती कुशीवर वळली. पहिला थोडा वेळ झोप आलीच नाही, इतकी सवय मोडली होती. ती डोळे मिटून तशीच पडून राहिली.