शेंदूर फासलेली बाटली

आता बोलू द्या मला. आठ महिने तोंडाला सील होतं, आता कोण अडवणार? मी नमुन्याची बाटली. ॲल्युमिनियमची, लिटरभर पोटाची, दिसायला अगदीच साधी. पण कटकच्या हायकोर्टात माझ्यावरून दोन वकील तासभर भांडलेत, आहात कुठे!

ढेंकानाळच्या रस्त्यावर तिलोत्तमा बारिक या बाईंचा पेट्रोल पंप आहे. नवरा गेल्यावर एकटीनं चालवलेला. तेल कंपनीचा टँकर आला की आधी बाटलीत नमुना भरायचा, तारेचं सील मारायचं, लेबलावर ड्रायव्हरची सही घ्यायची आणि मगच पेट्रोल टाकीत उतरवायचं, हा तिचा नेम.

"अपा, एवढा संशय?" त्या दिवशीचा ड्रायव्हर कुरकुरला. आमच्याकडे ताईला अपा म्हणतात.

"संशय कसला रे, सवय आहे. सही कर आणि जा पखाळभात खायला."

अशी मी भरले गेले. पोटात पेट्रोल पडताच मला कळलं, यात रॉकेल मिसळलंय. पण सांगणार कशी? बूच लागलं होतं.

पाचव्या दिवशी विश्वकर्मा पूजा होती. पंपाचा मॅनेजर दुर्योधन जेना, नाव तसलं पण माणूस देवभोळा, तेलात कालवलेला शेंदूर घेऊन निघाला. यंत्रांना टिळा, नोझलना टिळा, हवेच्या मशीनला टिळा. कपाटातल्या मलाही सोडलं नाही. सील, तार, सगळ्यावर अंगठ्यानं शेंदूर फासला.

चार दिवसांनी कंपनीचे साहेब तपासणीला आले. पंपातून नमुना नेला, त्यात भेसळ निघाली, आणि करार रद्द झाल्याचं पत्रच आलं. बाईनं तीनदा लिहून कळवलं, टँकरचा नमुना माझ्याकडे आहे, तोही तपासा. कुणी ढुंकून पाहिलं नाही. पंपाला कुलूप लागलं. मला इतका राग आला म्हणून सांगू! उत्तर माझ्या पोटात आणि शिक्षा तिला.

मग बाई कोर्टात गेली. तिचे वकील बिरंची मोहंती, त्यांच्या मांडीवर बसून मीही. मला बघताच कंपनीचे वकील ताडकन उठले. "माय लॉर्ड, सीलवर हा लाल राडा कसला? यांनी सील उघडून माल बदललाय आणि खुणा झाकल्यात."

बाई मागे वळून पुटपुटली, "दुर्योधन, तुझ्या भक्तीनं बुडवलं बघ मला."

"अपा, देवाचंच काम केलं हो," तो रडकुंडीला आला.

मोहंतीबाबू मात्र हसत होते. "माय लॉर्ड, हा पूजेचा शेंदूर आहे. तपासणीच्या दिवशी साहेबांनीच कपाटाचा फोटो काढलाय. त्यातही बाटली अशीच लाल आहे."

न्यायमूर्तींनी मला हातात घेतलं. त्यांनी तारेवरून नख फिरवलं. शेंदूर तारेच्या पिळात मुरून कडक वाळला होता, कुठे चीर नव्हती. "तार उकलली असती तर हा थर राहिला असता का?"

कंपनीचे वकील दुसऱ्या वाटेनं वळले. "भेसळ होती की नाही, हे कोर्टानं ठरवू नये."

"नाही ठरवत. तुम्ही निर्णय कसा घेतलात, तेवढंच बघतोय. बाई तीनदा म्हणते बाटली उघडा. का नाही उघडलीत?"

वकील कागद चाळत राहिले. आदेश झाला. रद्द केल्याचं पत्र बाद, पंप सुरू, आणि दोन्ही बाजूंसमोर बाटली तपासून मगच काय ते ठरवा.

प्रयोगशाळेत माझी तार कापली तेव्हा बाई पदर मुठीत धरून उभी होती. माझ्या पोटात काय आहे, हे तिला कुठे ठाऊक होतं? मी शुद्ध निघाले असते तर भेसळ तिच्याच माथी बसली असती. मी मनातल्या मनात ओरडत होते, अगं बाई, भिऊ नकोस.

तपासनीस म्हणाला, "रॉकेल आहे. पंपातल्या नमुन्याइतकंच."

बाई खळखळून हसायला लागली. दुर्योधन छेनापोड आणायला धावला. भेसळ निघाली म्हणून मिठाई वाटलेली मी पहिल्यांदाच पाहिली.

आता मी रिकामी, इथे प्रयोगशाळेच्याच फळीवर. पोटात फक्त वास उरलाय. एवढंच मागणं आहे, कुणाचं दुकान बंद करण्याआधी माझ्यासारखीला एकदा उघडा. आम्ही खोटं बोलत नाही हो, पण आम्हाला कुणीतरी विचारावं लागतं.